आपल्या आतले घड्याळ

विद्यार्थी मित्रांनो, थोडा वेळ डोळे मिटा आणि एका वेगळ्या जगाची कल्पना करा. त्या जगातल्या माणसांना वेळ अंगाला जाणवतो. आपल्याला वारा जाणवतो, ऊन जाणवते, तसाच त्यांना वेळ जाणवतो. पाच मिनिटे गेली की त्यांच्या तळहाताला हलकीशी थरथर कळते. एक तास गेला की पाठीवरून कोणी हात फिरवल्यासारखे वाटते. दिवस सरला की सारे अंग जड होते.

त्या जगातल्या यवतमाळच्या बसस्थानकावर घड्याळ नाही. शाळेत घंटा नाही. घरात गजर नाही. 'किती वाजले?' असे कोणी कोणाला विचारत नाही. परीक्षेत 'शेवटची दहा मिनिटे राहिली' असे गुरुजींना सांगावे लागत नाही. शेतात कापूस वेचणाऱ्या बाईला मालक म्हणाला, "सुटी व्हायला अजून एक तास आहे," तर ती शांतपणे ओटी सोडते आणि म्हणते, "नाही मालक, वेळ झाली." तिच्या अंगानेच तिला तसे सांगितलेले असते. त्या जगात वेळेच्या बाबतीत कोणी कोणाला फसवू शकत नाही.

असे जग खरोखर कोठे आहे का? तुम्ही म्हणाल, "छे! ही तर गोष्टीतली कल्पना आहे." पण थांबा. आपल्या आजूबाजूला नीट पाहिले तर या कल्पनेत बरेच खरे आहे असे दिसून येईल.

प्रथम झाडांकडे पाहू. यवतमाळ जिल्ह्यात गावोगावी चिंचेची झाडे आहेत. संध्याकाळ झाली की चिंचेची बारीक पाने जोडीजोडीने मिटतात आणि सकाळी पुन्हा उघडतात. सुमारे २३०० वर्षांपूर्वी सिकंदराच्या आरमारातील अँड्रोस्थेनिस नावाच्या अधिकाऱ्याने बहरीन बेटावर पानांची ही हालचाल पाहिली आणि लिहून ठेवली. पुढे कितीतरी शतके लोक म्हणत राहिले, "यात काय नवल? उजेड गेला म्हणून पाने मिटतात."

१७२९ साली फ्रान्समधील द मेराँ या शास्त्रज्ञाने एक साधा प्रयोग केला. लाजाळूसारखी पाने मिटणारी एक वनस्पती त्याने अंधाऱ्या जागी ठेवली. तेथे ऊन पोचत नव्हते. तरीही दिवस झाला की तिची पाने उघडत आणि रात्र झाली की मिटत. बाहेर सकाळ झाली हे त्या झाडाला कोणी सांगितले? ते त्याच्या आतूनच कळत होते.

आता शेतात चला. कापूस, सोयाबीन आणि तूर ही आपल्या जिल्ह्यातील मुख्य पिके आहेत. कपाशीच्या ओळींमध्ये तुरीची ओळ तुम्ही पाहिली असेल. पाऊस लांबला की पेरणी पंधरा दिवस उशिरा होते. अशा वेळी फुलोराही पंधरा दिवस उशिरा यायला हवा ना? पण तुरीची जुनी वाणे तसे करत नाहीत. पावसाळा संपून रात्र मोठी होऊ लागली की उशिरा पेरलेली तूरही फुलाच्या तयारीला लागते. आपल्या जिल्ह्यात जूनमधला सर्वांत मोठा दिवस सुमारे १३ तास २० मिनिटांचा असतो. डिसेंबरमधला सर्वांत लहान दिवस ११ तासांहूनही थोडा कमी असतो. हा बदल रोज एखाद्या मिनिटाने होतो. आपल्याला तो कळतही नाही. तुरीच्या झाडाला मात्र तो कळतो. ते रात्रीची लांबी मोजते.

अमेरिकेच्या कृषी खात्यातील गार्नर आणि अलार्ड या दोन शास्त्रज्ञांनी १९२० साली हेच सिद्ध करून दाखवले. त्यांच्या प्रयोगात सोयाबीनही होते. एकाच वाणाचे बी त्यांनी थोड्या थोड्या दिवसांच्या अंतराने पेरले. आधी पेरलेली आणि नंतर पेरलेली झाडे जवळजवळ एकाच सुमारास फुलली. म्हणजे झाडे आपले वय मोजत नव्हती, ती ऋतू ओळखत होती.

कोंबडा तर सर्वांच्या ओळखीचा आहे. फजरच्या अजानपूर्वीच तो आरवतो. तेव्हा पूर्वेला उजेडाचा मागमूसही नसतो. २०१३ साली जपानमधील नागोया विद्यापीठातील संशोधकांनी काही कोंबडे दिवसरात्र सारख्याच मंद उजेडात ठेवले. तेथे पहाट कधी होते हे कळायला काही मार्ग नव्हता. तरीही कोंबडे पहाटेच्या सुमारास आरवत राहिले.

झाडाला वेळ कळतो, पक्ष्याला कळतो. मग माणसाला?

रमजानचा महिना आठवा. पहिल्या एकदोन दिवशी सेहरीसाठी अम्मीला तुम्हांला पुन्हा पुन्हा हाका माराव्या लागतात. आठवडा गेला की काय होते? पुष्कळदा गजर वाजण्याच्या आधीच डोळे उघडतात. हा योगायोग नव्हे. जर्मनीतील संशोधकांनी १९९९ साली याचा अभ्यास केला. काही माणसांना त्यांनी झोपण्यापूर्वी सांगितले, "तुम्हांला सकाळी सहा वाजता उठवू." त्या माणसांच्या रक्तात जाग येण्याची तयारी करणारे एक द्रव्य पाच वाजल्यापासूनच वाढू लागले. ज्यांना नऊ वाजताची वेळ सांगितली होती, त्यांच्या रक्तात ते पाच वाजता तसे वाढले नाही. माणूस गाढ झोपेत होता, पण त्याचे शरीर वेळ मोजत होते.

याहून मोठी गोष्ट मिशेल सिफ्र या फ्रेंच तरुणाची आहे. १९६२ साली तो २३ वर्षांचा होता. आल्प्स पर्वतातील एका खोल, बर्फाळ गुहेत तो एकटाच उतरला. जवळ घड्याळ नव्हते. सूर्याचा किरण तेथे पोचत नव्हता. झोप आली की झोपायचे, भूक लागली की खायचे, असा त्याचा क्रम होता. उठल्यावर आणि झोपण्यापूर्वी तो वर असलेल्या साथीदारांना टेलिफोन करी. साथीदार वेळ टिपून घेत, पण त्याला मात्र काहीच सांगत नसत. त्याला सेकंदाला एक या गतीने १ ते १२० अंक मोजायला सांगितले. दोन मिनिटांचे ते काम त्याने पाच मिनिटांत पुरे केले, आणि आपण बरोबर मोजले असेच त्याला वाटत होते.

१४ सप्टेंबरला साथीदारांनी प्रयोग संपल्याचे सांगितले. सिफ्रला ते खरेच वाटेना. त्याच्या हिशेबाने तो दिवस २० ऑगस्ट होता! दोन महिन्यांत त्याचे पंचवीस दिवस जणू हरवले होते.

मग त्याच्या शरीराचे घड्याळ बंद पडले होते का? मुळीच नाही. टेलिफोनच्या नोंदी तपासल्या तेव्हा सर्वांना नवल वाटले. अंधारातही त्याचे झोपणे आणि उठणे सुमारे साडेचोवीस तासांच्या फेऱ्यांत चालले होते. रात्रभराची गाढ झोप झाली तरी त्याला वाटे की, आपला थोडा डोळा लागला होता. त्याच्या मनाचा हिशेब चुकला, पण शरीराचा हिशेब फारसा चुकला नाही.

ही गोष्ट नीट ध्यानात ठेवा. आपल्या मनाला वेळ नीट कळत नाही. खेळताना तास मिनिटासारखा जातो आणि दवाखान्याच्या बाकावर मिनिट तासासारखे वाटते. शरीर मात्र दिवस आणि रात्र यांचा हिशेब चोख ठेवते. कल्पनेतल्या त्या जगातली माणसे आपणच आहोत. फरक एवढाच की, तो हिशेब तळहाताला थरथर होऊन कळत नाही. तो झोप, भूक, ताप-थंडी आणि उत्साह यांतून कळतो. पहाटे आपले अंग सर्वांत थंड असते. सकाळ होता होता ते तापू लागते. रात्री अंधार पडला की मेंदूत झोपेची सूचना देणारे द्रव्य तयार होते. हे सारे रोज, न सांगता घडते.

हे घड्याळ असते तरी कोठे? दोन्ही डोळ्यांकडून येणाऱ्या नसा मेंदूच्या तळाशी जेथे एकमेकींना ओलांडतात, त्याच्या किंचित वर पेशींचे दोन लहानसे पुंजके आहेत. त्यांत सुमारे वीस हजार पेशी असतात. तेच शरीराचे मुख्य घड्याळ होय. पेशीच्या आत हे घड्याळ कसे चालते, हे जेफ्री हॉल, मायकेल रोसबॅश आणि मायकेल यंग या शास्त्रज्ञांनी फळांवर बसणाऱ्या इवल्याशा माशीचा अभ्यास करून शोधले. पेशीत एक प्रथिन रात्री साठत जाते आणि दिवसा नाहीसे होते. ते पुरेसे साठले की स्वतःचेच उत्पादन थांबवते; ते संपले की उत्पादन पुन्हा सुरू होते. या फेरीला साधारण एक दिवस लागतो. या कामासाठी तिघांना २०१७ साली नोबेल पुरस्कार मिळाला.

माणसाच्या या घड्याळाची फेरी २४ तासांहून सुमारे दहा मिनिटे मोठी असते. म्हणजे ते रोज थोडे मागे पडते. मग त्याला रोज कोण बरोबर लावते? सकाळचा उजेड! उजेड डोळ्यांत शिरतो आणि डोळ्यांतल्या काही खास पेशी त्या पुंजक्यांना कळवतात, "सकाळ झाली."

या ठिकाणी एक गंमत पाहा. भिंतीवरचे घड्याळ भारतीय प्रमाणवेळ दाखवते. ती मिर्झापूरजवळून जाणाऱ्या ८२.५ अंश रेखावृत्तावरून ठरवली आहे. यवतमाळ त्याच्या पश्चिमेला, सुमारे ७८ अंशांवर आहे. म्हणून यवतमाळला सूर्य डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात सरासरीने १२ वाजून १७-१८ मिनिटे झालेली असतात. मशिदीतल्या वेळापत्रकात जवालची वेळ पाहिलीत तर ती ऋतूप्रमाणे पुढेमागे होताना दिसेल, कारण नमाजच्या वेळा सूर्यावरून ठरतात. आपल्या आतले घड्याळही सूर्याचेच ऐकते.

पण जेथे सूर्य नाही तेथे काय? आपल्या देशातील मदुराई कामराज विद्यापीठात एम. के. चंद्रशेखरन यांनी या विषयाचा फार मोठा अभ्यास केला. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी गुहेच्या गडद अंधारात काही वटवाघळे पिंजऱ्यात ठेवली. गुहेतली इतर वटवाघळे संध्याकाळी बाहेर जात आणि पहाटे परतत. पिंजऱ्यातल्या वटवाघळांना सूर्य दिसत नव्हता, पण शेजाऱ्यांच्या येण्याजाण्यावरून ती आपले घड्याळ बरोबर ठेवत. रिकाम्या गुहेत ठेवल्यावर मात्र त्यांची वेळ हळूहळू सरकू लागली. १९७८ साली हा शोध प्रसिद्ध झाला. सोबत्यांचाही वेळ सांभाळायला किती उपयोग होतो, हे यावरून कळते.

मित्रांनो, येथपर्यंत वाचून तुम्हांला वाटेल की, हे घड्याळ मोठे सोयीचे आहे. होय, पण त्याची एक अडचण आहे. ते हट्टी आहे. रात्र म्हणजे झोप, हे ते लवकर विसरत नाही.

आणि आपल्या जिल्ह्यात रात्री जागणारी माणसे किती आहेत! वणी परिसरातील कोळशाच्या खाणींत पाळ्यापाळ्यांनी काम चालते. रुग्णालयात परिचारिका रात्रभर रुग्णांची काळजी घेतात. एस.टी.चा चालक रात्रीची गाडी हाकतो. शेतकरी रानडुकरे आणि रोही यांच्यापासून पीक राखण्यासाठी जागलीला जातो. हिवाळ्यात हरभऱ्याला किंवा गव्हाला ओलीत करायचे असते. शेतीच्या पंपांना वीज पाळीपाळीने दिवसा आणि रात्री मिळत आली आहे. रात्रीची पाळी आली की अंधारात, थंडीत, सापविंचवांच्या भीतीत बांधावर उभे राहावे लागते. पहाटे तीन-चारच्या सुमारास शरीराचे घड्याळ 'झोप, झोप' असे सांगत असते. त्या वेळी हात मंदावतात, लक्ष चुकते आणि अपघात होतात. वर्षानुवर्षे असे जागरण घडले तर पचन बिघडते, मधुमेह आणि हृदयविकार यांचा धोका वाढतो. हे आता वैद्यकशास्त्राने मान्य केले आहे.

शेतकऱ्याला दिवसा वीज मिळावी यासाठी महाराष्ट्र शासनाने २०१७ साली सौर कृषी वाहिनी योजना सुरू केली. सूर्याच्या उजेडापासून तयार होणारी वीज साहजिकच दिवसा मिळते. या योजनेचा फायदा फक्त पिकाला होत नाही. शेतकऱ्याला त्याची हक्काची रात्रही परत मिळते.

आता तुमच्याविषयी थोडे. तुमच्या वयात आतले घड्याळ आपोआप थोडे उशिरा चालू लागते. म्हणून रात्री लवकर झोप येत नाही आणि सकाळी उठवत नाही. याला आळस म्हणणे बरोबर नाही. पण त्यात भर म्हणून रात्री मोबाईलचा उजेड डोळ्यांसमोर धरला, तर घड्याळाला वाटते की, अजून दिवसच आहे. ते आणखी मागे जाते. लहान मुलांची झोप पुरी व्हावी म्हणून फेब्रुवारी २०२४ मध्ये महाराष्ट्र शासनाने पूर्व प्राथमिक ते चौथीपर्यंतचे वर्ग सकाळी नऊ किंवा त्यानंतर भरवण्याचा निर्णय घेतला. तुम्ही स्वतःही काही गोष्टी करू शकता. सकाळी उठल्यावर थोडा वेळ अंगणात या. रात्री दिवे मंद करा. झोपण्याची वेळ शक्यतो रोज एकच ठेवा.

आणखी एक गोष्ट मात्र दुसऱ्यासाठी करायची आहे. तुमच्या घरात किंवा शेजारी रात्रपाळी करून आलेले, जागल करून आलेले कोणी दुपारी झोपलेले असेल. तेव्हा दार हळू लावा. खिडकीचा पडदा ओढा. दूरदर्शनचा आवाज कमी करा. बाहेर ऊन असले तरी त्या माणसाची ती रात्र आहे. शरीराच्या हट्टी घड्याळाशी झगडून त्याने थोडीशी झोप मिळवलेली असते. ती मोडू नका.

शब्दार्थ

ओटी – कापूस वेचताना कमरेला बांधलेली कापडाची झोळी
आरमार – लढाऊ जहाजांचा ताफा
वाण – पिकाची जात
फुलोरा – झाडाला फुले येणे, बहर
मागमूस – खूण, निशाण
चोख – बिनचूक, अचूक
पुंजका – लहान समूह, झुबका
रोही – नीलगाय
जागल – रात्री जागून केलेली शेताची राखण
ओलीत करणे – पिकाला पाणी देणे
हट्टी – जिद्दी, न ऐकणारा

स्वाध्याय

प्रश्न १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) द मेराँ याने वनस्पती कोठे ठेवली?
(आ) सिफ्र गुहेत किती साली उतरला?
(इ) माणसाच्या आतले घड्याळ रोज कशामुळे बरोबर लागते?
(ई) सौर कृषी वाहिनी योजना कोणत्या साली सुरू झाली?

प्रश्न २. तीन-चार वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) तुरीचे झाड रात्रीची लांबी मोजते, हे कशावरून कळते?
(आ) सिफ्रच्या मनाचा हिशेब आणि शरीराचा हिशेब यांत काय फरक पडला?
(इ) पिंजऱ्यातल्या वटवाघळांना वेळ कसा कळत होता?
(ई) रात्री काम करणाऱ्या माणसांना कोणता त्रास होतो?

प्रश्न ३. वाक्यांत उपयोग करा.
मागमूस नसणे, डोळा लागणे, भर पडणे, ध्यानात ठेवणे

प्रश्न ४. 'वेळ' हा शब्द पुल्लिंगी आणि स्त्रीलिंगी असा दोन्ही प्रकारे येतो. 'थोडा वेळ थांबा' आणि 'शाळेची वेळ झाली' या वाक्यांत अर्थाचा काय फरक आहे? अशी आणखी दोन दोन वाक्ये लिहा.

प्रश्न ५. एक अंश रेखांशाला चार मिनिटे या हिशेबाने यवतमाळचा सूर्य प्रमाणवेळेच्या किती मागे आहे, ते काढा. (यवतमाळचे रेखांश ७८ अंश धरा.)

उपक्रम

(१) कपाशीचे फूल सकाळी उमलते तेव्हा फिकट पिवळसर असते, दुसऱ्या दिवशी ते गुलाबी होते. शेतात जाऊन आजची फुले आणि कालची फुले मोजा.
(२) गुलबक्षीला उर्दूत गुल-ए-अब्बास म्हणतात. तिची फुले संध्याकाळी किती वाजता उमलतात याची आठ दिवस नोंद ठेवा.
(३) घड्याळ न पाहता डोळे मिटून दोन मिनिटे मोजा. मित्राला घड्याळ पाहायला सांगा. वर्गात कोणाचे मोजणे सर्वांत जवळ आले ते फळ्यावर लिहा.